रिद्धपूरची कुलूपबंद पोथी

महानुभाव पंथाची एखादी सांकेतिक पोथी पहिल्यांदा समोर उघडली की वाचणारा चक्रावतो. जुना कागद, काळी शाई, एकमेकांना चिकटवून लिहिलेले शब्द, इथवर सगळं कुठल्याही जुन्या पोथीसारखंच असतं. काही अक्षरं तर चेहऱ्यानं ओळखीची वाटतात. म्हणून माणूस हुरूपानं वाचायला लागतो आणि दुसऱ्या ओळीतच अडतो. मराठी म्हणावं तर एक शब्द लागत नाही, संस्कृत म्हणावं तर एक विभक्ती सापडत नाही. मध्येच कुठल्याच लिपीत न बसणारी एखादी खूण येते. ज्याला मोडी येते तोही हात टेकतो.

अशी पोथी बासनात गुंडाळून मठात ठेवलेली, ती वाचणारे लोक काळ्या वस्त्रांतले, आणि दीक्षा न घेतलेल्याला ती उघडून दाखवायची नाही असा दंडक. एवढं झाल्यावर गावात काय बोललं गेलं असेल ते सांगायला नको. महानुभावांबद्दल वऱ्हाडात आणि बाकी महाराष्ट्रातही जे प्रवाद शतकानुशतकं चालले, त्यांत जादूचा वाटा मोठा होता. एक दंतकथा तर फार प्रसिद्ध होती. कृष्णंभट नावाच्या कुणा जोशाला म्हणे वेताळ प्रसन्न झाला आणि त्यानं त्याला एक मुकुट दिला. तो डोक्यावर चढवला की कृष्णंभट साक्षात श्रीकृष्ण दिसायचा. लोक भुलले, पायावर लोळण घेऊ लागले, पंथ वाढला. शेवटी यादवांच्या मंत्र्याला संशय आला, त्यानं मुकुट काढून घेतला आणि सोंग उघडं पडलं. महानुभाव पंथाची सुरुवात म्हणून ही गोष्ट सांगितली जायची, आणि सांगणाऱ्यांत शिकलेली माणसंही होती. पंथाचे स्वतःचे ग्रंथ पंथाबाहेर कुणाला वाचता येत नव्हते, त्यामुळे खोडून काढणार कोण?

गंमत अशी, की ज्या पोथीभोवती हे सगळं धुकं जमलं, तिच्या जन्माची हकीकत मराठीतल्या कुठल्याही जुन्या ग्रंथापेक्षा जास्त स्वच्छ उपलब्ध आहे. ती कुणी लिहिली, कुठे बसून लिहिली, कुणाकुणाला विचारून लिहिली, कुठली गोष्ट कुणाच्या आठवणीतून आली, हे सगळं नोंदलेलं आहे. कसं ते पाहायला अमरावती जिल्ह्यातल्या मोर्शी तालुक्यात, रिद्धपूरला यावं लागतं.

तेराव्या शतकात रिद्धपुरात गुंडम राऊळ नावाचे एक अवलिया राहत. पंथात त्यांना गोविंदप्रभू म्हणतात. जन्म रिद्धपूरजवळच्याच काटसुऱ्याचा. कधी मुलांत खेळायचं, कधी देवळातल्या मूर्तींशी बोलायचं, कुणाच्याही घरी शिरून जे असेल ते खायचं, असा त्यांचा वावर. शहाणीसुरती माणसं त्यांना वेडा म्हणत आणि गोरगरीब त्यांना आईबाप मानत. भडोचहून आलेल्या चक्रधरांना, म्हणजे पंथाच्या प्रवर्तकांना, रिद्धपुरात यांच्याकडूनच ज्ञानशक्ती मिळाली, असं पंथ मानतो. चक्रधरांनी पुढे महाराष्ट्र पायी पालथा घातला. मेहकर, लोणार हा वऱ्हाडातला भागही त्यात आला. गोदाकाठी त्यांचा शिष्यपरिवार जमला. १२७४च्या सुमारास ते गेले. पंथ त्याला मृत्यू म्हणत नाही, उत्तरापंथे गमन म्हणतो.

गुरू गेल्यावर शिष्य सैरभैर झाले आणि रिद्धपूरला गोविंदप्रभूंच्या सेवेला येऊन राहिले. त्यांत नागदेवाचार्य, म्हणजे भटोबास होते, आणि सराळ्याचे म्हाइंभट होते. म्हाइंभट मोठे शास्त्री. चक्रधरांना वादात हरवायच्या इराद्यानं आले आणि शिष्य होऊन बसले, अशी त्यांची ख्याती. भटोबास एकांतात बसून चक्रधरांच्या आठवणी मनात घोळवत असत. म्हाइंभटांच्या मनात आलं, की आपल्यामागून येणाऱ्यांना हे कसं कळणार? आणि १२७८च्या सुमारास, रिद्धपूरच्या वाजेश्वरीत, चक्रधरांच्या आठवणींच्या ग्रंथाचं, म्हणजे लीळाचरित्राचं काम सुरू झालं.

या कामाची पद्धत बारकाईनं पाहण्यासारखी आहे. चक्रधरांचा सहवास ज्यांना लाभला होता, त्या प्रत्येकाला म्हाइंभटांनी गाठलं. स्त्रिया, पुरुष, विद्वान, अडाणी, सगळ्यांना विचारलं. जमलेली प्रत्येक आठवण भटोबासांपुढे ठेवली आणि त्यांच्याकडून पडताळून घेतली. आणि एकाच प्रसंगाबद्दल दोघांच्या आठवणी जुळल्या नाहीत तर? तिथे म्हाइंभटांनी जे केलं, ते आजच्याही चरित्रकारांना जमत नाही. त्यांनी दोन्ही ठेवल्या. मुख्य हकीकत सांगून झाली की खाली नोंद येते, की अमक्याच्या वासनेप्रमाणे हे असं घडलं. इथे वासना म्हणजे स्मरण. पुढे आणखी चौकशी झाली तर 'शोधु' अशी नोंद. म्हणजे लीळा वाचताना आपल्याला कळत राहतं, की ही गोष्ट कुणी सांगितली, तिला दुजोरा कुणी दिला आणि कुणाला ती वेगळी आठवत होती. सातशे वर्षांपूर्वी, छापखान्याच्या कितीतरी आधी, वऱ्हाडातल्या एका गावात बसून एक माणूस साक्षीपुराव्याची अशी वही लिहीत होता. मला तरी यापुढे वेताळाचा मुकुट फारच किरकोळ वाटतो.

भाषेचा प्रश्नही इथेच निकालात निघाला. पंथात येणारे बरेच जण संस्कृतात मुरलेले पंडित होते आणि त्यांचा हात सवयीनं संस्कृतकडे वळायचा. भटोबासांनी तो अडवला. चक्रधर मराठीत बोलले, ऐकणाऱ्यांत बायाबापड्या होत्या, संस्कृतात लिहिलं तर त्या बिचाऱ्यांना काहीच उरणार नाही, हा त्यांचा मुद्दा. त्यामुळे म्हाइंभटांचं लीळाचरित्र आणि गोविंदप्रभूंचं चरित्र, केशिराज व्यासांचा सूत्रपाठ आणि दृष्टांतपाठ, सगळं बोलत्या मराठीत उतरलं. सर्वांना कळावं म्हणून मुद्दाम लोकांच्या भाषेत लिहिलेले हे ग्रंथ. आणि मग शंभर वर्षांच्या आत त्याच लोकांनी ते बाहेरच्या कुणालाच कळू नयेत अशा लिपीत बंद केले.

असं का झालं, याला देवगिरीचा काळ पाहावा लागतो. १२९६ला अलाउद्दीन खिलजी देवगिरीवर आला, पुढे मलिक काफूरच्या स्वाऱ्या झाल्या आणि १३१८पर्यंत यादवांचं राज्य संपलं. पंथाची माणसं पांगली. पंथाच्या परंपरेत 'खालशाची धाड' नावाची एक आठवण आहे. या धामधुमीत ग्रंथांची पेटी लुटली गेली आणि लीळाचरित्राची मूळ प्रत गेली. मग ज्यांना ग्रंथ तोंडपाठ होता, त्यांच्याकडून तो पुन्हा लिहून काढला. हिराइसा नावाच्या साध्वीच्या स्मरणशक्तीची कीर्ती मोठी. तिच्या आठवणीतून उभा राहिलेला पाठ आजही हिराइसेच्या नावानं ओळखला जातो. दुसऱ्यांच्या आठवणीतून रामेश्वरबासांचा पाठ, पिढीपाठ असे आणखी पाठ झाले. म्हाइंभटांच्या हातची प्रत आज कुठेच नाही. आपण वाचतो ते हे पुन्हा आठवलेलं लीळाचरित्र. तेव्हा या ग्रंथाच्या मुळाशी काही गूढ असेलच, तर ते इतकंच आहे. एका बाईच्या डोक्यात एवढा मोठा गद्य ग्रंथ शब्दन् शब्द कसा राहिला असेल?

हा अनुभव गाठीशी असताना चौदाव्या शतकाच्या मध्याच्या आसपास रवळोव्यासांनी सकळ लिपी बसवली, असं पंथ सांगतो. हेच रवळोव्यास 'सह्याद्रिवर्णन' या काव्याचे कर्ते. मागून आणखी लिप्या आल्या. सुंदरी, पारमांडल्य, अंकलिपी, शून्यलिपी, वज्रलिपी, अशी त्यांची नावं. कवीश्वर, उपाध्ये, पारमांडल्य असे पंथाचे आम्नाय, म्हणजे गुरुपरंपरेच्या शाखा होत्या, आणि लिपी हीसुद्धा शिष्याला गुरूकडून मिळायची विद्या झाली. कारणं एकाहून जास्त असावीत. लुटीत पोथी गेलीच, तर परक्याच्या हाती फक्त कागद जावा. वैदिक परंपरेतल्या विरोधकांना वादासाठी आयता दारूगोळा मिळू नये. आणि ज्ञान अधिकाऱ्यालाच द्यायचं, हा तर भारतातल्या बहुतेक पंथांचा जुनाच दंडक. यातलं पहिलं कारण सोडलं तर बाकीच्यांना भीतीशी फारसं देणंघेणं नाही. शिस्तीचा भाग त्यात जास्त दिसतो.

सकळ लिपीचं तंत्र मुळात साधं आहे. एका अक्षराच्या जागी दुसरं अक्षर लिहायचं, आणि काही जागी नव्यानं घडवलेली खूण. समजा आपण ठरवलं, की 'क' आणि 'म' यांची अदलाबदल करायची आणि 'ळ'च्या जागी 'त' लिहायचा, तर 'कमळ' हा शब्द 'मकत' असा दिसेल. हा नुसता नमुना झाला, प्रत्यक्षातला तक्ता वेगळा आणि मोठा आहे. पण तत्त्व हेच. ज्याला तक्ता पाठ आहे, तो सवयीनं सरळ वाचत जातो. ज्याला नाही, त्याच्यासमोर अक्षरांची भिंत. शब्दांमध्ये जागा सोडायची पद्धत नसल्यामुळे ही भिंत आणखी सलग होते, कारण शब्द कुठे संपला हाच पत्ता लागत नाही.

अशा लिपीत एक दुबळी जागा असतेच. नवव्या शतकात बगदादमध्ये अल-किंदी नावाच्या पंडितानं ती लिहून ठेवली होती. प्रत्येक भाषेत काही अक्षरं वारंवार येतात आणि काही क्वचित. वेश बदलला तरी ही सवय बदलत नाही. गुप्त मजकुरात सगळ्यांत जास्त येणारी खूण शोधा, ती बहुधा भाषेतल्या सगळ्यांत चलनी अक्षराचा मुखवटा असते. महानुभावी गद्यात तर 'सर्वज्ञ', 'गोसावी' असे शब्द पानापानावर येतात. तीच खुणांची माळ तशीच्या तशी दहा ठिकाणी दिसली की जाणत्याला धागा हाती लागतो.

हा धागा विसाव्या शतकाच्या सुरुवातीला इतिहासाचार्य वि. का. राजवाड्यांच्या हाती लागला. राजवाडे म्हणजे दप्तरांच्या मागे गावोगाव हिंडणारा, मिळेल तिथे राहणारा आणि वाटेल त्याच्याशी भांडणारा माणूस. त्यांनी सकळ लिपीची उकल केली आणि ती अभ्यासकांपुढे मांडली. पाठोपाठ वि. ल. भाव्यांनी आपल्या 'महाराष्ट्र सारस्वता'त या वाङ्मयाला जागा दिली. पंथातल्याच काही महंतांनी मन मोठं करून पोथ्या दाखवल्या. यवतमाळच्या य. खु. देशपांड्यांचं 'महानुभावीय मराठी वाङ्मय' १९२५ला आलं. ह. ना. नेन्यांनी नागपुरातून १९३०च्या दशकात लीळाचरित्राचे भाग छापायला सुरुवात केली. मलकापूर तालुक्यातल्या नरवेलच्या वि. भि. कोलत्यांनी तर हयात या वाङ्मयात घालवली. त्यांनी संपादलेलं लीळाचरित्र महाराष्ट्र राज्य साहित्य संस्कृती मंडळानं १९७८मध्ये काढलं. त्यातल्या काही लीळांवरून पंथात मोठी नाराजी उसळली आणि वाद झाला. पोथी उघडली म्हणून प्रश्न संपले असं नाही, ती उघडल्यावरच काही प्रश्न सुरू झाले. लंडनचे इयान रेसाइड यांनी १९६०मध्ये महानुभाव ग्रंथांची सूची आणि १९७०मध्ये सकळ लिपीवर लेख प्रसिद्ध केला, तेव्हा तर रिद्धपूरची ही लिपी जगभरच्या अभ्यासकांच्या टेबलावर गेली.

राजवाडे या पोथ्यांशी झुंजत होते साधारण त्याच काळात, १९१२ मध्ये, विल्फ्रिड व्हॉयनिच या ग्रंथविक्रेत्याला युरोपात एक हस्तलिखित मिळालं. अनोळखी वनस्पतींची चित्रं, न्हाणाऱ्या बायका, आकाशाचे नकाशे, आणि पानोपान एक अशी लिपी, की जी जगात दुसरीकडे कुठेच नाही. कार्बन कालमापनात त्याचं चर्मपत्र १४०४ ते १४३८ या दरम्यानचं निघालं. आज ते अमेरिकेत येल विद्यापीठात आहे. दोन महायुद्धांतले संकेत फोडणारे तज्ज्ञही त्यापुढे थकले, पण अजून एक वाक्य नक्की लागलेलं नाही. फरक कुठे पडला? व्हॉयनिच हस्तलिखिताची परंपरा तुटली होती. ते वाचणारं, जपणारं, त्यावर निष्ठा असणारं माणूस मागे उरलं नव्हतं. रिद्धपूरच्या लिपीला मात्र वाचणारे शेकड्यांनी होते, ते फक्त बोलत नव्हते. भाषाही हाडामासाची मराठी होती. कुलूप मजबूत असलं तरी किल्ली घरातच होती.

कुलूप निघाल्यावर आत काय सापडलं?

चमत्कार आहेत, नाही असं नाही. चक्रधरांच्या जन्मकथेतच परकायाप्रवेश आहे. द्वारावतीच्या चांगदेव राऊळांनी कामाख्या नावाच्या योगिनीच्या हट्टापायी देह ठेवला आणि भडोचच्या प्रधानाच्या मेलेल्या मुलाच्या, हरिपाळाच्या देहात प्रवेश केला, आणि तेच पुढे चक्रधर झाले, अशी ती कथा. वय थोपवून धरणाऱ्या वयस्तंभिनी विद्येचीही एक लीळा आहे. पण मंत्र पाठ करून शत्रूला आडवा करायची, धन काढायची, वशीकरणाची कृती शोधत कुणी लीळाचरित्र चाळलं तर त्याच्या पदरी निराशाच येईल. पानंच्या पानं चालणं, जेवणं, भिक्षा, आजारपण, रुसवे, शंका, थट्टा यांनी भरलेली आहेत. कुठल्या गावात कुठल्या देवळाच्या कुठल्या ओसरीवर मुक्काम पडला, कुणी काय रांधलं, कोण कुणावर चिडलं, हे सगळं इतकं जवळून टिपलेलं, की तेराव्या शतकातल्या वऱ्हाड-मराठवाड्याचं रोजचं जगणं समजून घ्यायला याच्या तोडीचं साधन क्वचितच सापडेल.

शिवाय पंथाचं तत्त्वज्ञान जादूच्या थेट विरोधात जातं. जीव, देवता, प्रपंच आणि परमेश्वर हे चार पदार्थ पंथ मानतो. देवतांची संख्या एक्याऐंशी कोटी सव्वा लाख दहा, आणि त्यांच्या उतरंडीत भूतखेत, क्षेत्रदेवतांपासून वरच्या शक्तींपर्यंत प्रत्येकाला जागा नेमलेली. या सगळ्या देवता काहीतरी देऊ शकतात, सिद्धी देतील, विद्या देतील, सुख देतील. पण ते फळ मर्यादित, ते संपतं, आणि मोक्षाच्या वाटेवर त्याचा उपयोग शून्य. वेताळ प्रसन्न झाल्यानं माणूस मोठा होतो, ही कल्पनाच या पोथीला मान्य नाही. जिच्यावर वेताळविद्येचा आळ, तिच्यात वेताळाला एवढीशी जागा.

लोकांना खरोखर हादरवतील अशा गोष्टी पोथीत होत्याच, पण त्या वेगळ्या होत्या. बाईचा विटाळ म्हणजे शरीरातून बाहेर पडणाऱ्या इतर द्रव्यांसारखंच एक द्रव्य, त्यात अपवित्र काही नाही, असं चक्रधर सांगतात. बायकांना संन्यासाचा अधिकार आहे, आणि त्या नुसत्या मागे उभ्या राहत नाहीत, वाद घालतात, प्रश्न विचारतात. धवळे रचणाऱ्या महदंबेला मराठीतली पहिली कवयित्री म्हणतात, ती याच परिवारातली. गोविंदप्रभूंच्या चरित्रात मातंगांच्या पाण्याची लीळा आहे. तहानलेल्या मातंगांसाठी विहीर व्हावी म्हणून गोविंदप्रभू मध्ये पडले. त्या काळच्या गावगाड्यात यापेक्षा स्फोटक मजकूर दुसरा कुठला असणार?

लिपीच्या याच कपाटात निव्वळ काव्यंही होती. नरेंद्राचं रुक्मिणीस्वयंवर, भास्करभट बोरीकरांचं शिशुपाळवध, दामोदर पंडितांचं वछाहरण, नारायण व्यास बहाळियेंचं ऋद्धिपुरवर्णन, आणि विश्वनाथ बाळापूरकरांचा ज्ञानप्रबोध. शेवटच्या नावातलं बाळापूर वाचून अकोलेकर वाचक नक्की थबकेल. कृष्ण-रुक्मिणीच्या लग्नाचं काव्य सांकेतिक लिपीत लपवायचं कारण काय, असं आपल्याला वाटतं. पण पंथाच्या दृष्टीनं तोही शास्त्राचाच भाग. पंथ पुढे उत्तरेत गेला, पंजाबात जयकृष्णी पंथ या नावानं रुजला, थेट काबूलपर्यंत पोचला, तेव्हा हे मराठी ग्रंथही सोबत गेले. मराठी ज्यांच्या घरात कुणी बोलत नाही अशी माणसं रिद्धपुरात जन्मलेली मराठी पवित्र भाषा म्हणून शिकत राहिली.

आता दुसरी पोथी बघू. ही कुणी कुलपात ठेवलेली नाही. अमरावतीत अंबादेवीच्या देवळाबाहेर किंवा अकोल्यात राजराजेश्वराच्या आसपास पूजासाहित्याच्या कुठल्याही दुकानात मागा, लगेच मिळेल. नवनाथ भक्तिसार. चाळीस अध्याय, सुमारे ७६०० ओव्या, सोपी मराठी. धुंडीसुत मालूनं ती शके १७४१मध्ये, म्हणजे इंग्रजी १८१९ला पूर्ण केली. श्रावणात घरोघर तिची पारायणं होतात. कुठला अध्याय वाचल्यानं कुठलं संकट टळतं, बाहेरची बाधा कुठल्या अध्यायानं जाते, हेही पोथीतच सांगितलेलं.

जादूची पोथी म्हणायची तर ही. शाबरी विद्येचा जन्मच त्यात सांगितला आहे. मच्छिंद्रनाथ सप्तशृंगीला देवीची आराधना करतात, मग नागअश्वत्थाच्या झाडाशी जातात, तिथे देवदेवता आणि बावन्न वीर प्रसन्न होतात आणि मंत्रांना बळ देतात. संस्कृत न जाणणाऱ्या साध्या माणसालाही उपयोगी पडावेत असे हे बोलीतले मंत्र. पुढे भस्माची चिमूट टाकली की सैन्य गोठतं, डोंगर सोन्याचा होतो, दगडाचा माणूस होतो. वऱ्हाडातल्या कुठल्याही भगताला विचारा, तो आपल्या मंत्राचा धागा नाथांपर्यंत नेऊन भिडवतो.

आणि या पोथीचं मूळ? मालू प्रत्येक अध्यायाच्या शेवटी सांगतो, की आपण हे गोरक्षनाथांच्या 'किमयागार' या काव्याच्या आधारानं लिहितो आहोत. हा किमयागार अभ्यासकांच्या हाती कधी आला नाही. नाव चाळीस वेळा येतं, ग्रंथ एकदाही समोर येत नाही. महानुभावांनी आपला कर्ता, त्याचे साक्षीदार, त्यांच्यातले मतभेद, सगळं लिहून ठेवलं आणि ते कुलपात घातलं. मालूनं पोथी सगळ्यांसमोर उघडी ठेवली आणि तिचं मूळ मात्र कुणाला न दिसणाऱ्या ग्रंथात नेऊन ठेवलं. संशय पहिल्याच्या वाट्याला आला आणि पारायणं दुसऱ्याच्या.

न दिसणाऱ्या मूळ ग्रंथाची ही युक्ती जगात सगळीकडे चालते. अमेरिकेतल्या एच. पी. लव्हक्राफ्ट या भयकथाकारानं १९२०च्या दशकात 'नेक्रोनॉमिकॉन' नावाचा एक भयंकर मंत्रग्रंथ कल्पिला. कर्ता म्हणून अब्दुल अल्हझरेद नावाचा वेडा अरब उभा केला. १९२७ मध्ये त्या ग्रंथाचा इतिहासही रचला, त्यात मूळ अरबी नाव, ग्रीक आणि लॅटिन भाषांतरं, बंदी, जाळपोळ, सगळं काही. ग्रंथ लव्हक्राफ्टच्या डोक्याबाहेर कुठेच नव्हता. तरी वाचक ग्रंथालयांत जाऊन तो मागू लागले, आणि १९७७ला त्याच नावाचं एक पुस्तक 'सायमन' या टोपणनावाखाली बाजारात आलं. लव्हक्राफ्टनं ते गंमत म्हणून केलं. मालूनं बहुधा श्रद्धेनं केलं असेल, कारण आपल्याकडे स्वतःच्या नावावर नवं काही सांगणं हाच उद्धटपणा समजला जायचा. जुन्याचा आधार दिला की लोक ऐकतात, हे मात्र दोघांनाही पक्कं ठाऊक होतं.

महानुभावांच्या बाबतीत जुना संशय आज बराच निवळला आहे, पण त्याची सावली एका वेगळ्याच ठिकाणी दिसते. बाहेरची बाधा झाली असं वाटणाऱ्या माणसाला घेऊन महाराष्ट्रातली कितीतरी कुटुंबं महानुभाव मंदिरांत येऊन राहतात. ब्रिटिश मानवशास्त्रज्ञ व्हिएडा स्कल्टन्स यांनी अशा एका मंदिराचा अभ्यास करून १९८७मध्ये लेख लिहिला होता. येणारे बहुतेक पंथाचे नसतात. सिद्धीला किंमत न देणाऱ्या पंथाच्या दारात लोक तीच मागायला येतात, आणि पंथ त्यांना हाकलून देत नाही.

रिद्धपुरात आता मराठी भाषा विद्यापीठ झालं आहे. २०२३च्या अर्थसंकल्पात त्याची घोषणा झाली, त्याच वर्षी कायदा आला, आणि महानुभाव साहित्याचे अभ्यासक अविनाश आवलगावकर त्याचे पहिले कुलगुरू झाले. ३ ऑक्टोबर २०२४ला मराठीला अभिजात दर्जा मिळाल्यानंतर लीळाचरित्राचं नाव भाषणांतून पुष्कळ ऐकू येतं. वाचणारे त्या मानानं थोडे आहेत, आणि सकळ लिपी सरळ पोथीवरून वाचू शकणारे तर त्याहून थोडे. मठांमधून, खासगी संग्रहांतून अजून पोथ्या आहेत, आणि आम्नायाआम्नायांत पाठभेद आहेत. एखाद्या लीळेची नोंद एका पोथीत हिराइसेच्या आठवणीनं येते आणि दुसरीत आणखी कुणाच्या. ते सगळे पाठ एकमेकांशेजारी मांडून पाहणं हे संगणकाला सहज जमण्यासारखं काम आहे, पण त्याआधी कुणीतरी बसून लिपी शिकायला हवी. तक्ता काही फार मोठा नाही. मोडी ज्यांना येते, त्यांना महिन्या-दोन महिन्यांत जमावा.